उमे, मोमो की साकुरा? फुलं ओळखायची कशी?

सोनटक्का | १७ फेब्रुवारी, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी,

तोक्योत येऊन मला पाच महिने झाले. गेल्या शनिवारी घराजवळच्या बागेत एक झाड गुलाबी फुलांनी इतकं गच्च भरलेलं दिसलं की पाय तिथेच थांबले. अंगात दोन स्वेटर, बोटं गारठलेली, आजूबाजूची बाकी झाडं खराट्यासारखी, आणि मध्येच हा बहर. फोटो काढला आणि घरच्या ग्रुपवर टाकला, "साकुरा आला!" म्हणून. साताऱ्याला आईने तो मोठा करून घेतला, चौकट करून देवघराशेजारच्या भिंतीवर लावला. येणाऱ्याजाणाऱ्याला "लेकीच्या दारातला साकुरा" म्हणून दाखवते.

काल शेजारच्या आजी त्याच बागेत भेटल्या. मी मोडक्यातोडक्या जपानीत झाडाकडे हात करून "साकुरा" म्हटलं. त्या गोड हसल्या आणि म्हणाल्या, "उमे देसु यो." म्हणजे, हा उमे आहे हो.

घरी येऊन वाचायला घेतलं तर उमे आहे, साकुरा (चेरी) आहे आणि तिसरं मोमोही (पीच) आहे. तिन्ही गुलाबी असतात, तिन्ही पांढरीही असतात, तिघांनाही मुळात पाच पाकळ्या. मग ओळखायचं कशावरून? आणि आईला सांगताना उमेला मराठीत काय म्हणू? तिच्या भिंतीवर चुकीचं नाव राहू नये असं मनापासून वाटतंय.

---

घाटवाट | १७ फेब्रुवारी, रात्री १०.०५

फेब्रुवारीत फुललंय ना, मग उमेच. तोक्योतला साकुरा मार्चअखेरीशिवाय फुलत नाही. मोमो त्याच्याही थोडा मागून. आधी उमे, मग साकुरा आणि मोमो, हा क्रम लक्षात ठेवा की झालं.

---

कोजागिरी | १७ फेब्रुवारी, रात्री ११.३०

घाटवाट, एवढ्यात निकाल नको. मी पुण्यात जपानी शिकवते आणि दर वर्षी हा प्रश्न वर्गात येतो. महिन्यावरून ओळखायला गेलं की हमखास फसायला होतं, कारण साकुरा म्हणजे एकच झाड नव्हे. ओकिनावातला साकुरा जानेवारीतच फुलतो.

सोनटक्का, मी मुलांना सांगते की आधी देठ बघा.

उमेला देठ जवळजवळ नसतोच. फूल थेट फांदीला चिकटवल्यासारखं बसलेलं असतं आणि एका ठिकाणी बहुधा एकच. साकुराचे देठ चांगले लांब, दोन-तीन सेंटिमीटरचे, आणि एकाच कळीतून तीनचार फुलं निघून झुबक्याने लोंबतात, म्हणून वाऱ्यावर हलतात. मोमोचा देठ आखूड आणि फुलं बहुतेक जोडीने.

त्यानंतर पाकळीचं टोक. उमेची पाकळी गोल, लहान मुलाच्या नखासारखी. मोमोची टोकाकडे निमुळती. साकुराच्या पाकळीला टोकाशी एक बारीक खाच असते, कुणी नखाने चिमटा काढल्यासारखी. पण हा नियम एकेरी फुलांपुरताच धरा. दुहेरी पाकळ्यांच्या जातींत टोकं चुरगळलेली असतात, तिथे काही कळत नाही. देठ मात्र सहसा दगा देत नाही.

फोटो मोठा करून बघा आणि देठ दिसतोय का ते सांगा.

---

रानपाखरू | १८ फेब्रुवारी, सकाळी ७.१५

फोटोत हिरवा पक्षी आला आहे का हो? फुलात तोंड घालून बसलेला?

---

सोनटक्का | १८ फेब्रुवारी, सकाळी ७.५०

रानपाखरू, तुम्हाला कसं कळलं! आहे. पोपटी रंगाचा, चिमणीपेक्षा लहान, डोळ्याभोवती पांढरं वर्तुळ. आईला तर फुलांपेक्षा तोच जास्त आवडलाय.

कोजागिरीताई, फोटो मोठा करून बघितला, पण मागची फुलं धूसर आहेत. संध्याकाळी बागेत जाऊन प्रत्यक्षच बघते.

---

रानपाखरू | १८ फेब्रुवारी, सकाळी ८.२०

तो मेजिरो. 'मे' म्हणजे डोळा, 'जिरो' म्हणजे पांढरा. आपल्याकडच्या चष्मेवाल्याचा सख्खा भाऊबंद! सह्याद्रीत पांगाऱ्यावर, शेवग्याच्या फुलांवर ही टोळकी किती वेळा बघितली आहेत. आईंना सांगा, पक्ष्याला मराठीत नाव आहे आणि तो साताऱ्यातही भेटेल.

जपानी चित्रांत आणि हानाफुदाच्या पत्त्यांत उमेच्या फांदीवर उगुइसु पक्षी बसलेला दाखवतात, फेब्रुवारीचा पत्ता तोच. पण खरा उगुइसु मळकट तपकिरी आणि लाजाळू, झुडपात दडून गातो. उमेवर मध प्यायला येतो तो हाच मेजिरो, आणि रंग हिरवा म्हणून लोक त्यालाच उगुइसु समजतात. म्हणजे तिकडच्यांचीही ओळखीत गफलत होते. पण मेजिरो साकुरावरही तितक्याच आवडीने येतो, तेव्हा त्याच्यावरून झाड ठरवू नका.

---

पानगळ | १८ फेब्रुवारी, दुपारी १.१०

थोडं वेगळं मत मांडतो. फूल बघून मन भरून आलं, आईपर्यंत ते पोचलं. इतकं झाल्यावर देठ मोजत बसण्यात काय मिळणार? नावाच्या मागे लागलं की बघणं राहून जातं असा माझा अनुभव आहे.

---

कोजागिरी | १८ फेब्रुवारी, दुपारी ३.४५

पानगळ, बघणं राहू नये हे अगदी मान्य. पण माझा अनुभव उलटा आहे, नाव कळल्यावरच मी नीट बघायला लागले. आणि जपानात ही नुसती नावं नाहीत, त्यांच्यामागे वेगवेगळे ऋतू आहेत. हायकूत उमे म्हटलं की वसंताची पहिली चाहूल, थंडी अजून बोचते आहे. साकुरा म्हटलं की वसंत भरात आला. एकाच्या जागी दुसरं लिहिलं तर कवितेतला महिनाच बदलतो.

इतिहासही तसाच. आठव्या शतकातल्या मान्योश्यू या कवितासंग्रहात उमेवर सुमारे १२० कविता आहेत, साकुरावर जेमतेम चाळीसच्या आसपास. उमे चीनमधून आलेला, दरबारी लोकांच्या कौतुकाचा. क्योतोच्या राजवाड्यासमोर आधी उमेच होता, नवव्या शतकात त्याच्या जागी साकुरा लावला गेला. पुढे पुढे तर कवितेत नुसतं 'हाना', म्हणजे फूल, म्हटलं तरी साकुरा समजायला लागले.

आणि २०१९ मध्ये 'रेइवा' हे नवं युगनाम आलं ना, तेही मान्योश्यूतल्या उमेच्या कवितांच्या प्रस्तावनेतून घेतलेलं आहे. इ.स. ७३० मध्ये क्यूशू बेटावरच्या दाझाइफुला ओतोमो नो ताबितोच्या घरी उमे बघायला मंडळी जमली आणि ३२ कविता झाल्या, त्यांची ती प्रस्तावना.

दाझाइफुवरून मिचिझाने, क्योतोच्या दरबारातला विद्वान कवी, आठवतोच. ९०१ मध्ये त्याला क्योतोतून तिथे धाडलं. निघताना त्याने अंगणातल्या उमेला सांगितलं की पूर्वेचं वारं सुटलं की तुझा सुगंध धाड, मी नाही म्हणून वसंताला विसरू नकोस. आख्यायिका अशी की तो उमे त्याच्यामागे दाझाइफुला उडत गेला. ९०३ मध्ये मिचिझाने तिथेच वारला. आता तो विद्येचा देव, परीक्षेआधी मुलं त्याच्या देवळात जातात, आणि त्या देवळांत उमे असतोच. क्योतोच्या कितानो तेनमान्गूत २५ फेब्रुवारीला, त्याच्या पुण्यतिथीला, उमेचा उत्सव असतो. सुगंध धाड असं उमेलाच सांगता येतं बरं का. सोमेइ योशिनोच्या, म्हणजे सगळीकडे दिसणाऱ्या नेहमीच्या साकुराला वास जवळजवळ नाहीच.

---

पानगळ | १८ फेब्रुवारी, दुपारी ४.३०

हा मिचिझाने माहीत नव्हता. पूर्वेचं वारं... वाचून थांबलो थोडा वेळ. नावाचा मुद्दा मागे घेतो.

---

सोनटक्का | १८ फेब्रुवारी, रात्री ८.१५

बागेत जाऊन आले आणि आता डोकं आणखी चक्रावलंय. टॉर्च लावून बघितलं. फुलांना देठ आहे! करंगळीच्या दीड पेराएवढा. तीनचार फुलं एकाच ठिकाणाहून लोंबताहेत. पाकळीला खाचही आहे. नाक लावून बघितलं, सुगंध असा नाही. कोजागिरीताईंच्या हिशोबाने हा साकुरा. मग आजी उमे का म्हणाल्या?

---

घाटवाट | १८ फेब्रुवारी, रात्री ८.४०

फेब्रुवारीत, तोक्योत, साकुरा? बुंधा बघितला का? साकुराच्या सालीवर आडव्या रेघा असतात, उमेची साल काळपट, खरबरीत, भेगाळलेली.

---

सोनटक्का | १८ फेब्रुवारी, रात्री ८.५५

बघितला! आडव्या रेघा आहेत, स्पष्ट. बोटाला लागतात.

---

द्राक्षबाग | १८ फेब्रुवारी, रात्री १०.२०

ताई, तो कावाझु-झाकुरा असणार. इझु द्वीपकल्पात कावाझु नावाचं गाव आहे, तिथे १९५५ मध्ये नदीकाठी या जातीचं मूळ रोप सापडलं. ओशिमा आणि कानहि या दोन साकुरांचा संकर. फेब्रुवारीत फुलतो, रंग गडद गुलाबी, आणि महिनाभर टिकतो. आता तोक्योतल्या बागांतही लावतात. उमेच्याच दिवसांत फुलतो म्हणून गोंधळ होतो. जवळपास आणखी एखादं झाड फुललेलं आहे का बघा.

मी यामानाशीला दोन वर्षं होतो. फुएफुकीच्या बाजूला मोमोच्या बागाच बागा. घरी निफाडला द्राक्षं, त्यामुळे सुट्टीच्या दिवशी पाय तिकडेच वळायचे. एका म्हाताऱ्या बागाईतदाराने मला कामाला हाताशी घेतलं, तेव्हा मोमो अगदी बोटांनी शिकलो. काडी हातात घ्या. प्रत्येक पेऱ्यावर तीन डोळे असतात. बाजूचे दोन फुगीर, लव असलेले, ते फुलाचे. मधला बारीक, टोकदार, तो पानाचा. म्हणून मोमोची फुलं जोडीने येतात आणि त्यांच्यामधून हिरवं पानही डोकावतं. उमे आणि सोमेइ योशिनो पानं यायच्या आत फुलतात. फुलाशेजारी हिरवं दिसलं, जोडी दिसली, देठ नाहीसा, की मोमो.

तिथे फुलायच्या आधीच विरळणी सुरू होते. काडीच्या वरच्या अंगाच्या कळ्या अंगठ्याने घासून पाडायच्या, खालच्या अंगाच्या राखायच्या, कारण फळ खाली लोंबलं की नीट पोसतं. पहिल्या दिवशी माझा हातच धजेना. एवढी देखणी कळी आणि ती पाडायची! म्हातारबा म्हणाले, सगळ्या ठेवल्यास तर फळ लिंबाएवढंच राहील. द्राक्षाचे मणी विरळताना माझे वडील हेच सांगतात. पुढे एप्रिलच्या पहिल्या पंधरवड्यात बाग फुलली की पिसांच्या झुपक्याने फुलाफुलाला पराग लावायचे, कारण मोमोच्या काही जातींच्या फुलांत परागच नसतो. संध्याकाळी बाही झटकली की पिवळी भुकटी उडायची.

---

सायंतारा | १८ फेब्रुवारी, रात्री १०.४५

आमच्याकडे "हिनामात्सुरीला मोमोची फांदी आणायची" म्हटल्यावर चिरंजीवांनी विचारलं होतं, "लाल चटणीसकट?"

---

चैत्रपालवी | १९ फेब्रुवारी, सकाळी १०.३०

सायंतारा, चिरंजीवांना आमच्याकडून एक प्लेट मोमो!

पण हिनामात्सुरीचा विषय निघालाच आहे तर लिहिते, कारण ओसाकात राहत असताना हे कोडं मलाही पडलं होतं. ३ मार्च हा मुलींचा सण, त्याला 'मोमो नो सेक्कु' म्हणजे मोमोचा सण म्हणतात. आता द्राक्षबाग म्हणतात मोमो फुलतो एप्रिलमध्ये. मग ३ मार्चला फुलं कुठून? फुलवाल्याकडे मिळतात ती उबेत ठेवून आधी फुलवलेली असतात.

कारण पंचांगात आहे. जपानने १८७३ मध्ये इंग्रजी कॅलेंडर घेतलं. त्याआधी त्यांचंही आपल्यासारखंच चांद्र-सौर पंचांग होतं, अमावास्येला महिना संपायचा, अधिक मासही होता. सण तिसऱ्या महिन्याच्या तिसऱ्या दिवशी. नवं कॅलेंडर आलं तेव्हा तिथी सोडून आकडा तेवढा घेतला, तीनला तीन. सण महिनाभर आधी आला, झाड मात्र आपल्या वेळेवरच फुलत राहिलं.

आता तो जुना तिसरा महिना आपल्याकडे कोणता, ते मी पंचांग घेऊन बसले. एखाद्या वर्षी अधिक मासामुळे मागेपुढे होतं, नाहीतर तो आपला चैत्र. म्हणजे जुना मोमोचा सण येतो चैत्र शुद्ध तृतीयेच्या आसपास. चैत्रगौर बसते तो दिवस! इकडे गौर झोपाळ्यात बसवायची, पायऱ्यापायऱ्यांची आरास, खेळणी, फळं, आंब्याची डाळ आणि पन्हं. तिकडे लाल कापडाच्या पायऱ्यांवर बाहुल्या मांडायच्या, शेजारी मोमोची फांदी. एकाचा दुसऱ्याशी संबंध आहे असं मी म्हणत नाही. पण ओसाकातल्या मैत्रिणीच्या घरची आरास बघताना मला आजीचं माजघर दिसलं होतं, आणि तिथी जुळल्यावर अंगावर काटाच आला.

---

कोजागिरी | १९ फेब्रुवारी, दुपारी १२.००

चैत्रपालवी, हे पुढच्या वर्षी वर्गात सांगणार! मुलींच्या सणाला मोमोच का, तर मोमोने अरिष्ट टळतं ही समजूत. कोजिकी या जुन्या पुराणग्रंथात इझानागी हा देव पाताळातून पळताना मागे लागलेल्यांवर तीन मोमो फेकतो आणि ते माघारी फिरतात. लोककथेतला मोमोतारोही मोमोतूनच जन्मतो. तो ओकायामाचा मानतात, आणि सिंहगड रस्त्यावरचं आपलं पु. ल. देशपांडे उद्यान ओकायामाच्याच कोराकुएन बागेच्या धर्तीवर केलेलं आहे.

---

खारातली_कैरी | १९ फेब्रुवारी, दुपारी २.२०

सोनटक्काचा दुसरा प्रश्न राहिलाच की. उमेला मराठीत काय?

इंग्रजीवरून सगळे 'प्लम' लिहितात, मग मराठीत आलुबुखार होतो. ते मला पटत नाही. उमे जर्दाळूच्या जास्त जवळचा. आणि आलुबुखार डोळ्यासमोर आला की पिकलेलं गोड फळ येतं, उमे तर कच्चा हिरवा तोडायचा, तसा खायचा नाही, मिठातच घालायचा. जूनमध्ये मी वाकायामाच्या नान्को उमेची पेटी आणते. देठाकडचा काळा ठिपका टूथपिकने एकेक करून काढायचा, धुऊन पुसून कोरडं करायचं, वजनाच्या १८ टक्के मीठ, वर दगड. दोनतीन दिवसांत खार सुटतो. तो वास आला की मला घरच्या चिनीमातीच्या बरणीचीच आठवण येते. पुढे लाल शिसोची पानं घालायची आणि जुलैअखेरीस कडक उन्हात तीन दिवस वाळवायचं. झालं उमेबोशी.

ते हिरवे उमे बाजारात येतात तेव्हाच तिकडचा पावसाळा सुरू होतो. त्याला 'त्सुयु' म्हणतात आणि लिहितात उमे अधिक पाऊस. आपल्या भूगोलाच्या पुस्तकात आम्रसरी होत्या, तशा या उमेसरी!

माझं मत: नाव 'उमे'च ठेवा. आईंना सांगा, जर्दाळूच्या घराण्यातलं झाड, पण स्वभाव कैरीचा.

---

घाटवाट | १९ फेब्रुवारी, दुपारी २.४०

"स्वभाव कैरीचा" हे फार आवडलं.

छाटणीवरूनही ओळख आहे. जपानीत म्हण आहे, साकुरा कापणारा मूर्ख आणि उमे न कापणारा मूर्ख. साकुराची जखम लवकर भरत नाही, कुजते. उमेला मात्र कात्री लावावीच लागते, नाहीतर नुसत्या फांद्या माजतात. म्हणून बागेतला उमे बुटका, वाकडातिकडा, हाताच्या उंचीवर दिसतो आणि साकुरा डोक्यावर पसरलेला.

---

पानगळ | १९ फेब्रुवारी, सायंकाळी ६.३०

नावाचा मुद्दा मागे घेतलाच आहे, आता माझ्याकडूनही एक भर. जपानीत प्रत्येक फुलाचं गळणं वेगळं असतं. साकुरा 'चिरु', म्हणजे विखरून उडतो. उमे 'कोबोरेरु', सांडतो, ओघळतो. त्सुबाकी, म्हणजे कमेलिया, 'ओचिरु', अख्खं फूल टपकन पडतं. मराठीतही आंब्याला मोहोर येतो, चिंचेला फुलोरा, डाळिंबाचा बहर धरतात, आणि सडा पडावा तो प्राजक्ताचाच. आपल्याला हे समजायला जड जाऊ नये.

---

सोनटक्का | २२ फेब्रुवारी, सायंकाळी ५.१०

उलगडा झाला! आज आजींना घेऊन बागेत गेले. द्राक्षबागदादा, तुमचंच खरं. माझ्या झाडाच्या बरोबर मागे, चारपाच पावलांवर, एक बुटकं झाड आहे, काळं, वाकडं, अंगावर शेवाळ. फुलं पांढरी आणि विरळ, म्हणून माझं लक्षच गेलं नव्हतं. त्या दिवशी मी हात केला त्या दिशेला दोन्ही झाडं होती. आजी मागच्याकडे बघत होत्या, मी पुढच्याकडे.

आजींनी मला एक फांदी खाली ओढून नाकाशी धरायला लावली. थंड हवेत तो वास इतका स्वच्छ आला की मी डोळेच मिटले. फूल फांदीला अगदी चिकटलेलं, पाकळ्या गोल, देठ शोधून सापडला नाही. मग आजींनी गुलाबी झाडाकडे बघून मान हलवली, "आआ, कावाझु!"

आईला फोन करून सगळं सांगितलं. भिंतीवरचा साकुराच आहे, पण कावाझुचा, आणि पक्षी चष्मेवाला. ती म्हणाली, त्या दुसऱ्या झाडाचाही फोटो पाठव, शेजारी जागा आहे.

---

खारातली_कैरी | २२ फेब्रुवारी, सायंकाळी ५.४०

जूनमध्ये आजींना विचारा, त्या झाडाला उमे धरतात का. धरत असतील तर मीठ आणून ठेवा.

---

सोनटक्का | ६ एप्रिल, रात्री ९.२०

धागा वर आणतेय. सोमेइ योशिनो फुलून विखरूनही गेले, आणि आज आम्ही रेल्वेने यामानाशीला गेलो होतो. उतारावर खालपर्यंत गुलाबी, मागे बर्फाचे डोंगर. एका बागेच्या कडेला काडी जवळून बघितली. दोन फुलं जोडीने, मध्ये हिरवं पान, पाकळीला टोक. कुणी सांगायच्या आत मीच म्हणाले, मोमो!

पण परतताना स्टेशनजवळ एक झाड दिसलं, फुलं फिकट गुलाबी, पाकळ्या गोल, देठ नाही. उमेचा मोसम तर कधीच संपला. पाकळ्यांखालची तांबडी वाटी मागे उलटी वळलेली आहे, छत्री वाऱ्याने उलटावी तशी. हे काय असेल?

---

कोजागिरी | ६ एप्रिल, रात्री ९.५०

आंझु! म्हणजे जर्दाळू. उमेची वाटी पाकळ्यांना धरून असते, आंझुची मागे वळते. हे मी अजून सांगितलंच नव्हतं आणि तुम्ही स्वतः टिपलंत. फोटो आहे का?

---

सोनटक्का | ६ एप्रिल, रात्री ९.५५

आहे. आईलाही पाठवलाय.